हौसेरावांची मिशी आणि तळ्यातला मागूर

तुर्भ्याच्या कांदा-बटाटा मार्केटात आमच्या सोसायटीतले हौसेराव एका दमात दोन गोण्या उचलतात. गाव साताऱ्याकडचं, आवाज ट्रकच्या हॉर्नचा, आणि मिशी अशी की दारातून आधी ती आत येते, मग हौसेराव.

त्या मिशीवरच त्यांनी पैज लावली. आमच्या सोसायटीत मासे विकायला येणाऱ्या दुर्गाबाई म्हणाल्या, "तलोज्याच्या पलीकरं आमचा तलाव आटलाय. मागूर मासा हातानी धरायला या, शिकवतंय." हौसेराव गरजले, "त्यात काय शिकायचं? जेवायच्या आत न्हाय धरला, तर मिशी उतरवतो!"

सेक्रेटरी नंदकिशोर रविवारी टेम्पोत चढले ते दाढीची पेटी घेऊनच.

अर्धी सोसायटी गुडघाभर चिखलात. पायाला गुळगुळीत काही लागलं की "आई गं!" आणि धपकन बैठक. मंजुषाकाकूंच्या हाती चुकून एक मागूर आला, तर त्यांनी बाजारातल्या सवयीनं कल्ला उघडून बघितला.

"अगो, जिता हाय तो!" दुर्गाबाई ओरडल्या. "ताजा हाय का काय बघतंस?"

मासा पसार.

हौसेराव गोणी आवळावी तसा मासा आवळायचे. मागूर ओल्या साबणासारखा सटकन वर! एक तर नंदकिशोरांच्या टकलावर आपटून गेला.

"हौसेराव, मिशी भिजवून ठेवा हां," टक्कल पुसत नंदकिशोर म्हणाले, "मऊ पडेल."

काठावर भाकऱ्यांची फडकी सुटायला लागली. हौसेरावांचा हात नकळत मिशीकडं गेला. तिथंही चिखल.

"दादा, दाबू नको रं," दुर्गाबाई म्हणाल्या. "हात खाली सरकव. मानेला आधार दे, कल्ल्याजवलचा काटा बोटांच्या मधी, आनी हलूच उचल."

हौसेराव वाकले. हात चिखलात गेले आणि हॉर्नची एकदम बासरी झाली. "आलं गं, आलं माझी बाय... डोळं मीट... झाली बघ अंगूळ!"

मागूर तळहातावर गप्प पडलेला.

 काठावर हौसेरावांच्या बायको विजयमाला, मांडीवर तीन महिन्यांची लेक राजेश्वरी, तोंडात पदर कोंबून हसत होत्या. "रोज हेच न्हाऊ घालत्यात हिला. कुनाला सांगू नगो म्हनलं हुतं!"

मग जो हशा उठला, त्यात चार जण पुन्हा आडवे झाले.

दुर्गाबाईंनी टोपली पुढं केली. हौसेराव मिशीपर्यंत लाल. "हिला न्हाय, मावशी. दुसरा धरून देतो." आणि त्यांनी मागूर हळूच उरलेल्या पाण्यात सोडला.

नंदकिशोरांनी टपकन पेटी उघडली. "मग धरल्याचा पुरावा?"

"ती अंगूळ आख्ख्या तलावानी ऐकली ना!" दुर्गाबाई म्हणाल्या. "मिटव ती पेटी, नी भाकर खा."