उजव्या हातापुरते वैद्य

परमेश्वराने माणूस घडवला तो उजव्या हातासाठी, आणि बाकीचे शरीर केवळ तो हात कुठेतरी अडकवायला हवा म्हणून जोडून दिले, अशी ठाम समजूत असलेला माणूस साऱ्या वऱ्हाडात एकच झाला, आणि तो आमच्या घरचा जावई होता. माझ्या आक्काचे यजमान, म्हणजे माझे भाऊजी. अमेरिकेत लढाई पेटली आणि इकडे आमच्या काळ्या मातीतल्या बोंडांना विलायतेतून मागणी आली, तेव्हा अकोल्या-अमरावतीचा प्रत्येक माणूस कापसाचीच भाषा बोलू लागला. भाऊजी मात्र त्या धामधुमीतही हाताचीच भाषा बोलत राहिले. कापूस कुणी पेरला, कुणी विकला, कुणाचा वाडा दुमजली झाला, याचे त्यांना सोयरसुतक नव्हते. एवढा कापूस वेचणार कशाने, उचलणार कशाने आणि त्याचा सौदा करणार कशाने? हातानेच ना? मग सांगायचे काय राहिले, असे म्हणून ते तपकिरीची चिमूट ओढत. ती ओढतानाही अंगठ्याकडे आणि तर्जनीकडे कौतुकाने पाहत.

भाऊजी मूळचे अकोल्याचे, भिक्षुकाच्या घरचे. न्यायशास्त्र शिकायला जातो असे घरी सांगून ते मुंबईला गेले आणि तिथल्या वैद्यकशाळेत शिरले. तिथे मेलेल्या माणसाचे शरीर चिरून शिकवीत, आणि ते शरीर मुलांना वाटून देत. कुणाला पाय मिळे, कुणाला पोट. भाऊजींच्या वाट्याला उजवा हात आला. तो त्यांनी मानेपासून नखापर्यंत असा घोकला की वेदपाठी घराण्याचे नाव राखले. पुढच्या अवयवाची पाळी यायच्या आत ही बातमी अकोल्याला पोचली. वडील तातडीने जाऊन चिरंजिवांना घेऊन आले, प्रायश्चित्त दिले, पंचगव्य पाजले आणि पुन्हा असे करणार नाही म्हणून जानव्याची शपथ घ्यायला लावली. अशा रीतीने भाऊजींचे वैद्यक खांद्याशी थांबले. "अन् डाव्या हाताचं काय, भाऊजी?" असे मी एकदा मुद्दाम विचारले. ते म्हणाले, "आरसा धरायचा समोर. त्यात काय हाय?"

लग्नातच त्यांनी आम्हाला चुणूक दाखवली होती. भटजी पळीने पाणी सोडत होते. भाऊजींनी त्यांचे कोपर हातात घेतले, मागच्या खाचेत बोट घालून दाबले आणि विचारले, "करंगळीपर्यंत मुंग्या गेल्या की नाही?" भटजींची पळी होमात पडली. आमच्या बाबांनी त्या दिवशी कपाळाला लावलेला हात मला आठवतो. पण जावई तो जावई. त्याला बोलायची सोय नव्हती, आणि भाऊजींनी जन्मभर या सोयीचा भरपूर फायदा घेतला.

त्यांच्या घरी पाहुणा गेला की त्याला विडा सुखासुखी मिळत नसे. आधी नुसते पान दोन बोटांच्या बेचक्यात धरायला लावीत आणि स्वतः दुसऱ्या टोकाने ओढून पाहत. पान घट्ट राहिले तर खूश होऊन त्यावर चुना-कात लावीत. सटकले तर पाहुण्याचा हात मांडीवर घेऊन बसत, आणि मग आक्काने विडा आणून दिला तरी तो खाणार कुठल्या हाताने? मानेतून पाच नसा निघतात, त्यांच्या तीन होतात, त्या तीन फुटून एकमेकींत गुंफल्या जातात आणि शेवटी पुन्हा पाच होऊन हातात उतरतात, हे समजावायला त्यांना दोर लागे. आमच्याकडे मुक्कामाला आले की गाडी जुंपायच्या वेळी दोर हमखास गायब. तो ओसरीतल्या खुंटीवर हात होऊन लटकत असे, आणि त्याची गुंफण उसवायची कुणाची छाती नव्हती.

कापसाच्या तेजीने त्यांना रोगी मात्र भरपूर दिले. कापसाचे डोकडे, म्हणजे ते दाबून शिवलेले मोठाले गठ्ठे, खांद्यावरून वाहणारे हमाल बाजारात दिवसभर राबत. भाऊजी त्यांच्या वाटेत उभे राहून ओरडत, "मानेजवळ नको ठेवू! नस चेपते!" एका हमालाचे खवाट, म्हणजे खांद्यामागचे पसरट हाड, पाठीतून असे बाहेर आले होते की भिंतीला हात टेकला की पंख फुटल्यासारखे दिसे. भाऊजींनी त्याला खांदा बदलायला लावला, चुंबळ शिवून दिली आणि पुढे कितीतरी दिवस त्याला भिंत ढकलायला लावून कौतुकाने पाहत बसले. हमाल त्यांना हातवाले महाराज म्हणत.

"महाराज, डोकं लय दुखून राहिलं."

"हात वर कर."

"अजी, डोकं दुखते म्हणलं ना!"

"थेच पाहून राहिलो ना बाप्पा. हात वर जाते ना? मंग काही होत नाही तुले. जाय."

आम्ही सगळे हसत होतो. आमच्या बाबांचा हात पडला त्या दिवशी मात्र हसू बंद झाले.

बाबा अमरावतीच्या बाजारात कापसाचे दलाल होते. आमच्याकडे भाव तोंडाने बोलत नसत. दलाल आणि गिऱ्हाईक समोरासमोर बसत, हातांवर रुमाल टाकत, आणि त्याखाली एकमेकांची बोटे धरून भाव ठरवत. बोटे धरली की भाव सांगितला, मूठ उघडून दुसरी धरली की भाव बदलला. ज्याला सौदा मोडायचा त्याने हात काढून घ्यायचा. बाबांचे सगळे नाव त्या उजव्या हातात होते. संक्रांतीनंतर ते दर्यापूरहून कापसाच्या गाडीतून आले. वाटेत गाडीच्या कडेवरून हात बाहेर टाकून गाढ झोपले होते. अमरावतीला उतरले तेव्हा मनगट खाली लोंबत होते आणि बोटे सरळ होत नव्हती.

"हातावरून वारं गेलं," म्हणून आईने हंबरडा फोडला. कुणी म्हणाले करणी केली. बाळापूरचा एक वैदू बाजारात आलेला होता, त्याला बोलावणे गेले. वाऱ्याला त्या काळी एकच इलाज, तापल्या लोखंडाचा डाग. वैदूने अंगणात निखारे केले आणि सळई घातली. भाऊजी योगायोगाने आमच्याकडेच होते. ते बाबांच्या शेजारी बसले आणि हात हातात घेतला. त्यांचे तोंड इतके गंभीर झालेले मी कधी पाहिले नव्हते. कोपर सरळ करायला लावले, झाले. मूठ वळायला लावली, ढिली का होईना, वळली. अंगठ्यामागची कातडी तेवढी बधिर निघाली.

"बाबाजी, हात गेला नाही," ते म्हणाले. "वारं असतं तं सारा हात गेला असता. इथं एकच नस रुसून बसली. दंडाच्या हाडामांगून जाते, थे गाडीच्या लाकडावर चेपली. तिले मनवा लागते, डागा नाही लागत."

आई म्हणाली, "जवाईबुवा, तुमी शिकलेले, पण डाग देल्ल्याशिवाय वारं नाही जात. अन् तुमी तं शिकून पुरे बी नाही झाले."

"थे खरं हाय," भाऊजी म्हणाले. "पोटाचं म्हणसान तं मले काही समजत नाही. छातीचं बी नाही. पण हे माह्यं हाय. आधी मनगट उठन, मंग बोटं, अन् अंगठा सगळ्यात शेवटी. नाही उठला तं थे सळई माह्या हातावर ठेवा."

सगळे बाबांकडे पाहू लागले. सळई लाल झाली होती. बाबा आपल्या लोंबत्या हाताकडे पाहून वैदूला म्हणाले, "इझवा थे."

भाऊजींनी बांबूची कामटी तासून तळहातापासून कोपराखालपर्यंत बांधली, म्हणजे मनगट वर राहिले आणि मुठीत थोडा जोर आला. वर अंगरख्याची बाही ओढली. "रुमालाखाली कोन पाह्यते?" म्हणून बाबांना बाजारात पाठवले. मी बरोबर होतो. मुंबईच्या एका पेढीचा मुनीम समोर बसला. बाबांनी डाव्या हाताने रुमाल नीट करण्याच्या मिषाने उजव्याची बोटे मुनीमाच्या बोटांवर लावून दिली आणि मूठ वळली. मुनीम कमी भाव दाबू लागला. बाबांनाही थोडे उतरायचे होते, पण उतरायला मूठ उघडावी लागते आणि ती उघडेना. बाबांच्या कपाळावर घाम आला. मुनीमाला वाटले, म्हातारा हटून बसला. त्याने थोडे रेटून पाहिले, आणि शेवटी मान्य केले. त्या हंगामात सगळ्या बाजारात बोभाटा झाला की आमचे बाबा धरलेला भाव सोडत नाहीत, आणि शेतकरी आमच्याच दारी गाड्या सोडू लागले. "ही त्या नसेची कृपा," भाऊजी छाती काढून सांगत. "तिले आनखी थोडे दिवस रुसू द्या!"

होळीच्या सुमाराला बाबांचे मनगट उठले. मग बोटे उघडली. पाडव्याला गुढी बांधताना अंगठा सरळ झाला, आणि आईने जावयाच्या पायांवर डोके ठेवायचे तेवढे बाकी ठेवले. भाऊजी मात्र हिरमुसले होते. एवढी सुंदर नस आता पुन्हा कधी भेटायची, म्हणाले.

पुढे लढाई संपली, तेजी उतरली. बाबा गेले, त्यांच्या जागी रुमाल घेऊन मी बसू लागलो. एक दिवस आक्काचा निरोप आला आणि मी अकोल्याला गेलो. भाऊजी ओसरीत अंथरुणावर होते. उजवा हात उशीवर ठेवलेला, तोंड किंचित वाकडे, शब्द जड. मी त्यांच्याच थाटात म्हटले, "भाऊजी, नस रुसली असन. मनवू तिले."

त्यांनी मान हलवली. "नाही रे. सगळ्या पाह्यल्या म्या, या डाव्या हातानं. एक एक करून. हात चांगला हाय. त्याचा काही दोष नाही." मग म्हणाले, "वरून सांगावाच येऊन नाही राहिला. अन् वरचं म्या शिकलोच नाही ना."

दुसऱ्या कुणाला तो हात मेला असे वाटले असते. ते शेवटपर्यंत त्याची बाजू घेत होते.  मी खांद्यावरचा रुमाल काढून त्यांच्या हातावर टाकला आणि त्याखाली त्यांची बोटे धरली. ती थंड होती. त्यांच्या डोळ्यांत ओळखीचे हसू आले.

"काय भाव?" त्यांनी विचारले.

"तुमी सांगा," मी म्हटले.

 आक्का दिवा लावून गेली. ज्याला सौदा मोडायचा त्याने हात काढायचा, असा आमच्या बाजाराचा नियम आहे. मी काढला नाही.