बाळंतिणीची शेगडी

श्रावण लागला की गिरगावातल्या त्या चाळीत तळमजल्याच्या भिंतींना पाझर फुटायचा. भिंतीला टेकलं की पोलकं ओलं. सत्तावन सालच्या श्रावणात लीलाची खाट माहेरच्या याच खोलीत पडली, दुसरं बाळंतपण. पहिला मुलगा इथंच, अकराव्या दिवशी सकाळी उठलाच नव्हता. "वारा बाधला," सगळे म्हणाले. तेव्हापासून लीला रडली नव्हती. आता कुशीतल्या नऊ दिवसांच्या मुलीकडे ती शेजारणीचं मूल सांभाळायला दिल्यासारखं बघायची.

दुपारी आईनं खिडकी लावून घेतली, फटीत चिंध्या कोंबल्या आणि रसरसलेल्या निखाऱ्यांची शेगडी खाटेखाली सरकवली. एवढ्यात थोरला भाऊ चिंतामणी वरच्या मजल्यावरच्या समितीच्या कचेरीतला टेबलपंखा काखोटीला मारून आला.

"आज वर सभा नाही. लाव हा. गुदमरतील गं दोघी."

"बाळंतिणीला पंखा? शहाणाच आहेस! आधी तुमचा संयुक्त महाराष्ट्र मिळवा, मग बाळंतपणं करा."

"मिळवतोच आहोत. तोवर हिला हवा तरी मिळू दे."

"पंख्यानं ओल जाते का रे? तीच ओल इकडची तिकडे. शेगडीनं खोली कशी खुटखुटीत होते. विचार तिला."

दोघंही लीलाकडे बघू लागली. तिला कोणी काही विचारायची ही पहिलीच वेळ.

"होते कोरडी," लीला म्हणाली. "मागच्या वेळीही झाली होती."

आईचा निखाऱ्यांचा चिमटा हातातच राहिला.

"त्या सकाळी माझंही डोकं दगड झालं होतं, आई. उठवत नव्हतं. खिडकी अशीच बंद होती, शेगडी अशीच खाटेखाली. मग वारा आला कुठून?"

आवाज चढला नाही की कापला नाही. वाण्याकडून काय आणायचं ते सांगावं, तसं तिनं सांगितलं.

आईनंच शेगडी ओढून बाहेर नेली. निखाऱ्यांवर पाणी पडल्याचा चर्र आवाज आला. चिंतामणीनं चिंध्या उपसल्या, खिडकी उघडली आणि पंखा ओल्या भिंतीकडे तोंड करून लावला.

ओल काही हटली नाही. दोरीवरची दुपटी संध्याकाळपर्यंत गारढोण राहिली. आई उंबऱ्यावर पाठ करून बसली होती; हातात जपमाळ, पण मणी पुढं सरकत नव्हता.

लीलानं मुलीच्या नाकाखाली बोट धरलं. ऊन श्वास लागला. पुन्हा लागला. तिला बरं वाटलं नाही, वाईटही वाटलं नाही. बोट मात्र तिनं काढलं नाही.