सॅक्सोफोन थांबला की ठोका

सोलो संपायच्या आतच मिलिंद सरांनी सॅक्सोफोन तोंडातून काढला आणि काचेपलीकडून मला विचारलं, "मॅडम, हा धाडकन आवाज कसला?"

सगळ्यांनी धनराजकडे पाहिलं.

साकोलीत माझा रेकॉर्डिंग स्टुडिओ आहे. एरवी लग्नाची आणि नाटकाची गाणी येतात. सरांचा जाझ बँड नागपूरचा, पण सर मूळचे इथले. इतकी वर्षं पियानो आणि साध्या ड्रमवर त्यांचं भागलं. हा अल्बम मात्र इलेक्ट्रिक फ्यूजन: कीबोर्ड, बास गिटार, ऑक्टोपॅड. ऑक्टोपॅड म्हणजे आठ रबरी चौकोन; काडी मारली की तबल्यापासून विजेच्या कडकडाटापर्यंत काहीही वाजतं. सर याला 'ध्वनीची क्रांती' म्हणत. आमच्या पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीच्या नाटकांत ही क्रांती कधीच होऊन गेली आहे, म्हणून वाजवणारा सानगडीहून आणला. तोच धनराज; या कामासाठी त्याने नाटक कंपनीचा हंगाम सोडला होता.

दुसरा टेक. सर श्वासाला थांबले. पुन्हा धाड!

"काहून रे धनराज?"

"ताई, माणूस बोलून थांबला का ठोका द्याच लागते. नाही तं सीन पडते."

"हे नाटक नाही," सर म्हणाले.

"मंग तुमी येवढे रडून कायले राहिले जी?"

बासवाला हसला. सर हसले नाहीत. आत येऊन म्हणाले, "याला परत पाठवा. मी नागपूरहून कोणीतरी बोलावतो."

परत कुठे? कंपनीने त्याच्या जागी दुसरा घेतला होता. मी एक टेक मागून घेतला.

हेडफोनमध्ये कोणाला काय ऐकू जावं, हे रेकॉर्डिस्टच्या हातात असतं. धनराजच्या हेडफोनमधून मी सॅक्सोफोन काढून टाकला. टेक बिनचूक झाला. सर ऐकायला बसले आणि अर्ध्यातच त्यांनी हात वर केला.

"मी घरी बसून रियाज करतोय असं का वाटतंय?"

"तुमचं कोणी ऐकत नव्हतं, सर." काय केलं ते मी सांगितलं.

सरांनी पाणी मागितलं. सावकाश प्यायले.

"त्याला सॅक्सोफोन ऐकू द्या. पण प्रत्येक श्वासाला ठोका नको म्हणावं."

"मोठ्या डायलॉगलेच देतो, सर," धनराज म्हणाला.

त्या टेकमध्ये तीन ठोके पडले. तिन्ही अल्बममध्ये आहेत, आणि धनराज बँडमध्ये. एका समीक्षकाने त्या ठोक्यांत युरोपचा प्रभाव शोधून काढला. सरांनी त्याला दुरुस्त केलं नाही, मीही नाही. आमचं काम आवाज टिपायचं. तो कुठून आला, हे कोणी विचारलं तरच सांगावं.