साखरशेतात सापडलेली परभणी

"हे नमुने साखरशेतचेच आहेत ना? की संक्रांतीला गावी गेला होतात, तिकडूनच पिशव्या भरून आणल्यात?"

मॅडमनी हे हसत विचारलं असतं तर बरं झालं असतं. त्या हसत नव्हत्या. टेबलावर लॅबचा रिपोर्ट होता आणि शेजारी मातीच्या पिशव्या, प्रत्येकीवर माझ्याच अक्षरातलं लेबल.

मी जव्हारला माती सर्वेक्षणाच्या प्रोजेक्टवर फील्ड असिस्टंट आहे. साखरशेत हे आमच्या यादीतलं एक गाव. मूळचा परभणीकडचा. आठवीत शाळेने मला सोडलं की मी शाळेला, हे अजून ठरायचंय. बोअरच्या गाडीवर काम करत करत इकडे आलो. मोखाड्याजवळ मॅडम, म्हणजे या प्रोजेक्टच्या प्रमुख, एका खड्ड्यात उतरून मातीचे थर बघत होत्या. मी वरून म्हणालो, "मॅडम, ही पाणी धरणार नाही." त्यांनी विचारलं, कशावरून? मी चिमूटभर माती भिजवून बोटांत वळून दाखवली. पुढच्या महिन्यात नोकरी. या कामाला पदवीवाले अर्ज करतात. त्यामुळे मॅडमचा फोन आला की मी अजूनही उभा राहून घेतो.

तर रिपोर्ट. इथली डोंगरउताराची माती लाल. पाऊस इतका की मातीतलं बरंचसं खत धुऊन नेतो. म्हणून ती आंबट असते आणि तिच्यात पालाश कमी. पालाश म्हणजे पिकाला ताठ उभं ठेवणारं खत, हे मलाही इथेच कळलं. रिपोर्टमध्ये नेमकं उलटं आलं होतं. आंबटपणा नाही, पालाश भरपूर. म्हणजे थेट आमच्या परभणीची काळी माती. आणि मी संक्रांतीला गेलो होतो, हे रजेच्या अर्जावर लिहिलेलं.

मी पिशवीत हात घातला. चिमूट घेतली, पाण्याने भिजवली, अंगठा आणि बोटामध्ये दाबत पट्टी काढायला लागलो. चिकणमाती असली की लांब पट्टी निघते. आमच्याकडची तर चकाकते. ही अर्ध्या बोटावर तुटली.

"मॅडम, परभणीची माती अशी तुटत नाही. तिच्यात चप्पल रुतली तर चप्पल तिथेच राहते, माणूस पुढे जातो."

मॅडमनी स्वतः करून बघितलं. तुटली. "माती इथलीच आहे," त्या म्हणाल्या.

"हो मॅडम."

"मग पालाश कुठून आला?"

हे मला ठाऊक असतं तर मी आठवीत कशाला थांबलो असतो?

"उद्या साखरशेतला जाऊ. कार्डं वाटायची थांबवा." कार्ड म्हणजे शेताचा दाखला. कुठलं खत किती घालायचं ते त्यावर असतं. साखरशेतची शेतकरीण जानीबाय, तिच्या कार्डावर छापून आलं होतं, पालाश घालण्याची गरज नाही. ते वाटलं गेलं असतं तर चूक तिच्या भातात उगवली असती. आणि ते माझ्यामुळे झालं असतं, तर बोअरची गाडी मला परत घेईल का, याचा मी रात्रभर विचार केला.

सकाळी जीप साखरशेतला पोचली तर जानीबायच्या शेतात धूर. शेताच्या एका कोपऱ्यात तिने आणि तिच्या सुनेने पाला, गवत, शेण असे थर रचले होते, वर मातीचा हात फिरवून पेटवलं होतं. मी तो कोपरा ओळखला. जानेवारीत मी तिथेच खणलं होतं.

मॅडम बांधावरच थांबल्या. "राब," त्या म्हणाल्या. माझ्याकडे बघून नाही, स्वतःशीच.

राब म्हणजे असं. भाताची, नाचणीची रोपं जिथे टाकायची तेवढाच तुकडा पावसाआधी भाजून घेतात. तण मरतं, राख मातीत मुरते. राखेत पालाश असतो, आंबटपणाही ती मारते. तुकडा बहुतेक दर साली तोच. वर्षानुवर्षांच्या राखेने तो काळा होतो, मऊ होतो.

"जानीबाय, यांनी माती कुठून नेली?" मॅडमनी विचारलं.

"ही काय, राबातून. आठ खड्डं केलं. कोंबडीवानी वाकडं चालत व्हते."

सूचनांच्या कागदावर होतं, शेतात नागमोडी चालत आठ ठिकाणची माती घ्या आणि एकत्र मिसळा. मी आठही ठिकाणं घेतली होती, नागमोडीच. फक्त एका चटईएवढ्या जागेत.

"मी इचारलं पन," जानीबाय थांबायला तयार नव्हती. "म्हटलं, भाऊ, येवढं शेत सोडून राबातूनच कं? तं म्हनाले, टेक्निकल हाय."

सून तोंडाला पदर लावून वळली. मॅडमनी माझ्याकडे बघितलं.

"लाल जमिनीत पहार लागत नव्हती, मॅडम," मी म्हणालो. "आणि इथे आल्यापासून नुसती लाल मातीच बघत होतो. हा तुकडा काळा दिसला. बरं वाटलं."

"एकाच शेतात?"

खोटं बोलायला जागा होती. इतर शेतांतले राब अजून पेटायचे होते, तिथे मी कुठून खणलं ते कळलं नसतं.

"सगळ्या शेतांत. जिथे काळं दिसलं तिथून. कागदावर झाडाखाली नको, बांधाशी नको, उकिरड्याजवळ नको असं होतं. राब नव्हता."

"राब कुणाला सांगावा लागेल असं वाटलं नव्हतं," मॅडम म्हणाल्या. "नोकरीचं नंतर बघू. आधी पहार घ्या."

चैताच्या उन्हात सगळ्या शेतांतून पुन्हा माती काढली. हाताला फोड आले, ते मोजले नाहीत. नवा रिपोर्ट जसा यायला हवा तसा आला, आंबट आणि गरीब. जुन्या पिशव्या मी टाकायला निघालो तर मॅडमनी थांबवलं. लेबलावर 'राब' लिहून घेतलं आणि अहवालात त्यांचा वेगळा रकाना केला, म्हणजे त्याच शेतातला भाजलेला तुकडा आणि न भाजलेलं शेत शेजारी शेजारी. नोकरीबद्दल त्या नंतर काहीच बोलल्या नाहीत. मीही आठवण केली नाही. अजून कामावर आहे.

कार्ड द्यायला मी स्वतः गेलो. जानीबाय म्हणाली, "वाच."

"जमीन आंबट. पालाश कमी. राख घातल्यास फायदा."

"येवढं खनून, तपासून हेच निघालं? राख तं आमी घालतोच. सगल्या शेताला पुरंल येवढा पाला कुठून आनू, ते लिवलंय कं त्यात?"

मी कार्ड उलटून बघितलं. मागची बाजू कोरी होती.

"नाही," मी म्हणालो.

"टेक्निकल आसंल," ती म्हणाली आणि कार्ड छपराखालच्या कुडाच्या भिंतीत खोचलं.

तेव्हापासून पहार मारण्याआधी मी शेतमालकाला विचारतो, या जागेवर तुम्ही काय करता? फॉर्मवर तो रकाना नाही. मी पेनाने आखून घेतो.