भिंत वाळली का, हुदा?

हे मी लिहावं की नाही, याचा तीन आठवडे विचार केला. मी उस्तादांचा नातेवाईक नाही, त्यांच्या देशाचा नाही, मला त्यांची भाषा येत नाही. सीरियाच्या राजकारणावर बोलायचा तर मला काहीच अधिकार नाही. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिलाच. पेपरात लिहिणारी माणसं वेगळी असतात, असंच आम्ही धरून चालत आलो. तेव्हा चुकलंमाकलं तर सांभाळून घ्या. पण उस्ताद फारिस यांना ओळखणारा मराठी माणूस एडिनबरात मी एकटाच होतो, आणि त्यांच्याबद्दल आईला फोनवर सांगता सांगता वाटलं, की हे आणखी चार जणांना सांगायला हवं...

ते गेल्याचं मला मॉरीननं फोनवर कळवलं. मॉरीनची बेकरी उस्तादांच्या दुकानाला लागून आहे. सोमवारी सकाळी मी लायब्ररीत होतो. "तुझा म्हातारा गेला रे, झोपेतच," ती म्हणाली. मग म्हणाली, "माझ्या नवऱ्याची पँट मात्र शनिवारीच करून दिली त्यानं. वेळेला पक्का माणूस." आम्ही दोघंही हसलो.

उस्तादांचं दुकान कपडे दुरुस्तीचं. पँटची उंची कमी करणं, चेन बदलणं, लग्नाचे कोट सैल करणं. माझे वडील खामगावला शिंपी आहेत, त्यामुळे तुरपाई आणि काज मला लहानपणापासून येतात. शिकायला परदेशी आलो तेव्हा वाटलं होतं, सुई-दोरा सुटला. पहिल्या सेमिस्टरला दुकानाच्या काचेवर 'मदतनीस पाहिजे' वाचलं आणि शनिवारची नोकरी धरली. त्यांनी परीक्षा म्हणून एक काज करायला दिलं. ते चष्मा वर करून बघितलं आणि विचारलं, "कोणी शिकवलं?" म्हटलं, वडिलांनी. "मग मी तुमच्या वडिलांना नोकरीवर ठेवतो. त्यांच्या वतीनं तुम्ही या." मला 'सर' म्हणणारे ते माझे पहिले मालक. पूर्वी ते सीरियातल्या होम्स शहरात भूगोलाचे शिक्षक होते, म्हणून मी त्यांना 'उस्ताद', म्हणजे मास्तर, म्हणायचो.

दुकानात शिरलं की समोरच्या भिंतीवर ब्रिटनच्या राजाचा फोटो. सोनेरी चौकटीत, शिवणयंत्राच्या बरोबर वर. स्कॉटलंडमध्ये एका शिंप्याच्या दुकानात राजा कशाला, हे मला कळेना. मॉरीनला तर राजेरजवाडे मुळीच खपत नाहीत. ती दारातूनच ओरडायची, "फारिस, तुझ्याइतकी राजनिष्ठा राजवाड्यातसुद्धा सापडणार नाही." उस्ताद मान लववून "थँक यू" म्हणायचे.

त्यामागची हकीकत त्यांनीच मला सांगितली. तीस वर्षांपूर्वी दुकान उघडायच्या आधी ते कौन्सिलच्या, म्हणजे तिथल्या नगरपालिकेच्या, ऑफिसात गेले आणि विचारलं, फोटो कोणाचा लावायचा, केवढा, आणि कोणत्या भिंतीला? कारण त्यांच्या देशात शाळा, बेकरी, न्हाव्याचं दुकान, सगळीकडे राष्ट्राध्यक्षांचा फोटो असायचाच. बाप गेला की मुलाचा. कौन्सिलमधली बाई गोंधळली. म्हणाली, तसं काही नाही, तुमच्या इच्छेवर आहे.

"आमच्याकडे," उस्ताद म्हणाले, "याहून भीतीदायक उत्तर नाही."

त्याच दुपारी त्यांनी चॅरिटी शॉपमधून, म्हणजे जुन्या वस्तूंच्या दुकानातून, बिस्किटांचा एक डबा आणला आणि राणीचं चित्र असलेलं त्याचं झाकण भिंतीवर टांगलं. पुढे राणी वारली तेव्हा ते तीन दिवस बेचैन होते, असं मॉरीन सांगते. जुना फोटो लवकर काढला तर वाईट दिसेल, उशिरा काढला तर त्याहून वाईट. दर तासाला बाहेर येऊन ते बघायचे, रस्त्यावर बाकीच्यांनी काय केलंय. बाकीच्यांच्या भिंतीवर फोटोच नव्हते, हे तेव्हाही त्यांच्या लक्षात आलं नाही; चौथ्या दिवशी तिथे राजाचा फोटो चढला.

मी सांगितलं की आमच्याही दुकानात खूप फोटो आहेत. देव, महापुरुष, आजोबा. त्यांनी लगेच विचारलं, लावायला कोणी सांगितलं? कोणीच नाही, आम्हीच लावले. काढले तर? मी म्हणालो, आई रागावेल. "म्हणजे आहेच कोणीतरी," उस्ताद म्हणाले, आणि हसता हसता त्यांच्या हातातला खडू मोडला.

दर शनिवारी अकरा वाजता ते होम्सला बहिणीला, हुदाला, फोन करायचे. आधी दुकानाचं दार लावून घ्यायचे, मग वाफेची इस्त्री सुरू करून ठेवायचे, बोलणं बाहेर ऐकू जाऊ नये म्हणून. बोलणं दोन मिनिटांचं, आणि त्यात एक वाक्य हमखास. कुतूहल म्हणून मी अर्थ विचारला. म्हणाले, "मी विचारतो, भिंत वाळली का? ती म्हणते, अजून ओल आहे." मला वाटलं, बिचाऱ्या बाईचं घर गळतंय. पुढच्या आठवड्यात मी ओलीवरचे उपाय इंटरनेटवर शोधून, दोन पानं छापून त्यांना नेऊन दिली. त्यांनी ती शांतपणे वाचली, नीट घडी घातली आणि कोटाच्या आतल्या खिशात ठेवली. मनापासून आभार मानले.

खरं काय ते पुढे काही महिन्यांनी कळलं. त्यांचा धाकटा भाऊ नबील होम्सला त्यांच्याच शाळेत चित्रकला शिकवायचा. सुट्टीत वर्गांना रंग द्यायचं काम निघालं. नबील भिंत रंगवत होता आणि उस्ताद दारात उभे होते. ते म्हणाले, "राष्ट्राध्यक्षांचा फोटो काढून ठेव, त्यावर रंग उडेल." नबीलनं तो काढला आणि जमिनीवर, भिंतीकडे तोंड करून ठेवला. कोणीतरी पाहिलं. दुसऱ्या दिवशी नबीलला पकडून नेलं. तो कुठे आहे, आहे की नाही, हे विचारायचीसुद्धा सोय नव्हती. त्या घरात फोनवर नबीलचं नाव पुन्हा कोणी घेतलं नाही. भिंत वाळली का, म्हणजे त्याचं काही कळलं का.

"मी काढ म्हटलं म्हणून त्यानं काढला," उस्ताद म्हणाले. "त्यानं मला दोष दिला असेल का, एवढंच मला विचारायचंय." मी त्यांच्या सुईत दोरा ओवून दिला.

मग सीरियातलं ते सरकार पडलं. सगळ्या जगानं बातम्यांत पाहिलं. मॉरीन केक घेऊन आली. उस्तादांनी केक खाल्ला, पण फोटो उतरवला नाही. "थांबा," म्हणाले, "सरकार पडल्याच्या अफवा आमच्याकडे पन्नास वर्षं ऐकतोय." शनिवारचा फोनही तसाच, दार लावून, इस्त्री लावून. भिंत वाळली का? ओल आहे.

परवा मॉरीन आणि मी दुकान आवरायला गेलो. शिवणयंत्राच्या वर भिंतीचा एक चौकोन बाकीच्या रंगाहून उजळ आहे. मध्ये खिळा. राणीचं ते झाकण आता माझ्या टेबलावर असतं, त्यात मी उस्तादांचे खडू ठेवतो, मोडलेलासुद्धा. आणि राजाची चौकट मॉरीननं बेकरीत नेली आहे. फोटो काढून त्यात पावांची यादी लावली आहे.

तो फोटो भिंतीवरून कधी उतरला, तेवढं सांगून थांबतो. ते जायच्या जेमतेम महिनाभर आधीची गोष्ट. शनिवार, अकरा वाजलेले. उस्तादांनी सवयीनं दार लावलं, इस्त्री सुरू केली आणि विचारलं, भिंत वाळली का, हुदा? पलीकडून ती इतक्या मोठ्यानं बोलली की मलाही ऐकू आलं. उस्ताद जागेवरच थबकले. मग त्यांनी इस्त्री बंद केली, दार सताड उघडलं आणि फोन स्पीकरवर टाकून टेबलावर ठेवला. पुढचं ते मला एकेक वाक्य थांबून इंग्रजीत सांगत गेले. हुदा म्हणाली होती, फारिस, आता सरळ विचार. नबीलबरोबर कोठडीत असलेला एक म्हातारा तिचं घर शोधत आला होता. नबील दुसऱ्याच हिवाळ्यात गेला... तापानं. पण तोवर तो सगळ्यांना हसवायचा. आणि त्यानं एक निरोप ठेवला होता. तो म्हाताऱ्यानं इतकी वर्षं पाठ करून जपला.

उस्ताद बोलायचे थांबले. त्यांचे खांदे हलत होते; मला वाटलं रडताहेत. पण ते हसत होते, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसत होते. स्टुलावर चढून त्यांनी राजाचा फोटो उतरवला, माझ्या हातात दिला, आणि वरूनच तो निरोप मला सांगितला :

"फारिसला सांगा, अख्ख्या देशात कोठडीची ही एकच भिंत आहे, जिला रंग देताना काही काढावं लागत नाही."