पडद्यावर वारलेले बुवा

"पुन्हा? बरं, पुन्हा."

असं म्हणून बुवा खांद्यावरची शाल पदरासारखी सारखी करायचे. शेजारणीने कालचीच हकिकत परत विचारली तरी हेच, चहाचा दुसरा कप पुढे आला तरी हेच. त्यांच्या नाटक कंपनीची रीतच तशी होती. लोकांनी वन्समोअर दिला की नाही म्हणायचं नाही. ताप असो, घसा बसलेला असो, पुन्हा गायचं. कंपनी मोडली, बुवांची खोड मोडली नाही.

तुमच्याही आळीत असा एखादा असेल, एके काळी मोठा असलेला. आमचे बुवा नगरला आमच्या दारासमोर राहायचे. तरुणपणी नाटकात नायिका व्हायचे. त्यांना ऐकायला लोक कर्जतहून गाड्या जुंपून यायचे म्हणे. मी ते पाहिलं नाही. मी पाहिले ते गळा गेलेले बुवा. दुखण्यात आवाज फाटला, तेव्हापासून चारचौघांत गायला तोंड उघडायचे नाहीत. मी तंबूतल्या सिनेमाचा दारवान, चौथी शिकलेला. मला गाण्यातलं काय कळतंय? कळायचं ते माझ्या बायकोला.

स्वातंत्र्याच्या आधीची गोष्ट. पुण्याहून सिनेमावाले आले, बुवांच्या आयुष्यावर बोलपट काढायला. एक पोरगेला नट महिनाभर बुवांकडे पदर घ्यायला शिकत होता. बुवांचं ओरडणं आमच्या चुलीपाशी ऐकू यायचं, "अहो, पदर आहे तो! टॉवेल नव्हे. पुन्हा!"

तो बोलपट आमच्या तंबूत लागला. मी बुवांना पुढे खुर्ची मांडली. ती सोडून ते माझ्याजवळ दारात उभे राहिले. म्हणाले, "लोक हसले तर पळायला बरं."

नटाने गाणं म्हटलं. तंबूतून आरोळी उठली, "वन्समोअर!" मशीन कुणाचं ऐकतंय? फिल्म पुढे गेली. बुवांचा हात मात्र शालीकडे गेलेला मी पाहिला. शेवटी तर सिनेमावाल्यांनी बुवांना गाता गाता मारूनच टाकलं. बायका पदर तोंडात घालून रडल्या.

दिवे लागले. एक म्हातारा डोळे पुसत दाराशी आला आणि थबकला.

"बुवा? तुमी गेल्ता ना?"

"मी इथंच आहे की हो!"

"मंग सिनेमात कोन मेलं?"

"त्यांना शेवट पाहिजे होता," बुवा म्हणाले.

सगळा तंबू हसला. बुवा हसले नाहीत. "जिवंतपणीच उरकलं माझं," एवढं पुटपुटले आणि बाहेर निघाले.

तेवढ्यात बायकांच्या बाजूने माझ्या बायकोचा आवाज आला. "मारंनात का पडद्यावर! बुवा, मशीननं न्हाई ऐकलं, तुमी तरी ऐका. वन्समोअर!"

आता या फाटक्या गळ्याला लोक हसले, तर हा माणूस परत घराबाहेर पडायचा नाही. मी तिच्यावर डोळे वटारले. तिने बघितलंच नाही.

"पुन्हा?" बुवा वळले. शाल सारखी केली. "बरं, पुन्हा."

आवाज चिरलेल्या बांबूसारखा लागला. वरच्या सुरापर्यंत ते पोचलेच नाहीत. तिथे त्यांनी नुसता हात वर नेला. अख्खा तंबू मान वर करून बघत राहिला, तो सूर तिथं टांगलेला असल्यासारखा. कुणी हसलं नाही. मग जी आरोळी उठली, तिने तंबूची कनात हलली.

त्यानंतर बुवा रोज आमच्या ओट्यावर चहाला यायचे. बायको म्हणायची, "पुन्हा," आणि ते गायचे. ऐकून ऐकून माझ्यासारख्या दगडालाही ते गाणं पाठ झालं. पुढे बुवा खरोखरचे गेले, तेव्हा निम्मं गाव म्हणालं, ते तर कधीच गेले होते ना?

माझी बायको या उन्हाळ्यात गेली. अखेरीला तिला जेवण नको, औषध नको. म्हणाली, "अवो, बुवांचं ते म्हना की." माझा आवाज बैल हाकायचा. पण बुवांनी आमच्या ओट्यावर एवढं ठेवून दिलं होतं, म्हणून त्या वेळी तिला द्यायला माझ्याजवळ काहीतरी होतं. त्यांचे हे उपकार फिटायचे नाहीत.

म्हटलं. वरचा सूर आला तिथं हात वर नेला. तिची नजर हाताबरोबर वर गेली, तिथंच थोडी थांबली.

"पुन्हा," ती म्हणाली.

मी तिच्या अंगावरचं पांघरूण सारखं केलं. म्हटलं, "बरं, पुन्हा."