कोरड्या विहिरीवरचा शॉट

भुताखेतांच्या गोष्टी निघाल्या की मी उठून चहा टाकायला जाते. आजही जाते. पण हे माझ्या डोळ्यांदेखत घडलंय, म्हणून लिहितेय...

आमचे हे सिनेमाचे कॅमेरामन, मूळचे घाटनांदूरचे. पुढे मुंबईत नाव झालं, पण बहात्तरच्या दुष्काळात नवखेच होते. युसूफ वडगावजवळच्या एका दूध सोसायटीने त्यांना दुष्काळावर छोटी फिल्म करायला बोलावलं. ती सरकारात दाखवून चारा आणि टँकर मागायचे होते. आमचं नुकतंच लग्न झालेलं... मीही गेले.

शूटिंगला आमचे हे कधी दिवे लावायचे नाहीत. उन्हाची वाट बघत बसायचे. फार तर मला पांढरी चादर धरायला लावून तिच्यावरचं ऊन माणसाच्या गालावर पाडायचे.

सोसायटीची विहीर आणखी खोल खणणं चाललं होतं. काठावर वाकून बायका दगडांच्या टोपल्या वर ओढत होत्या, सगळ्यांत पुढे कौसाबाई नावाची एक. ह्यांनी समोरच्या काठावरून शॉट घेतला. त्या दिवशी चादरही बाहेर काढली नव्हती. विहीर खडखडीत — मी स्वतः वाकून बघितली होती.

फिल्म मुंबईहून धुऊन आली. सोसायटीच्या गोदामाची दारं लावून भर दुपारी भिंतीवर लावली. विहिरीचा शॉट आला. बायकांच्या चेहऱ्यांवर खालून उजेड हलत होता... भरल्या विहिरीत वाकलं की हलतो ना, अगदी तसा!

चेअरमन उठलेच. "पाणी दावता व्हय? मग टँकर कोण देईल आमाला? ही करामत कावून केली?"

"मी काहीच केलं न्हाई हो," हे म्हणाले.

मागून कौसाबाई हळूच बोलली, "त्या दिवशी तोंडाला लई गार लागलं होतं. म्या म्हणलं, उगं कशाला कुणाला सांगावं..."

बाकीच्या बायकांनी माना हलवल्या.

तो तुकडा ह्यांनी स्वतः कापला. टँकर आले. विहिरीला मात्र पाणी कधीच लागलं नाही, शेवटी काम सोडून दिलं.

लॅबवाले म्हणाले, फिल्म खराब असती तर डाग सगळीकडे पडले असते. इथे फक्त चेहरेच उजळलेत. पुढे ह्यांचं काम लोक बघताक्षणी ओळखायचे — अर्धा चेहरा सावलीत, दाराच्या उन्हात तरंगणारी धूळ. पण सुट्टीच्या दिवशी गच्चीवर परातीत पाणी भरून मला समोर बसवायचे, परात हलवायचे, कॅमेऱ्यातून बघायचे. "न्हाई. तसं न्हाई हे."

आता हे नाहीत. तो उजेड कुठून आला, मला आजही सांगता येत नाही.

हे असतानाच, दुष्काळानंतर बऱ्याच वर्षांनी आम्ही पुन्हा वडगावला गेलो होतो. कौसाबाई थकली होती. ह्यांनी जपून ठेवलेला तो तुकडा तिच्या ओसरीवर उन्हात धरला, भिंग तिच्या हातात दिलं. ती किती तरी वेळ बघत राहिली. मला वाटलं, पाण्याचंच काही विचारेल.

"अगं बाई," ती म्हणाली, "त्या साली बी मी हसत होते व्हय?"